नागिणीची लस कुणी घ्यावी, केव्हा आणि कशासाठी?

नागीण, कांजिण्या आणि स्मृतिभ्रंश यांवर वाचकांनी पाठवलेले निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरं.

प्रश्न : मी ६६ वर्षांची, आमचे हे ७१ वर्षांचे. नातेवाइकांच्या ग्रुपवर मेसेज फिरतोय की नागिणीची लस घेतली की म्हातारपणी स्मृतिभ्रंश होत नाही. माझ्या सासूबाईंना तो आजार होता, त्यामुळे भीती वाटते. मेसेज खरा की थाप? (वाचक, सातारा)

उत्तर : थाप नाही, पण ‘होत नाही’ हे खोटं आहे. ‘शक्यता काहीशी कमी होते असं दिसतं’ इतकंच म्हणता येतं. तेवढं म्हणण्यामागे मात्र चांगला भक्कम पुरावा आहे, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

लस आणि स्मृतिभ्रंश यांचा संबंध लावणारे अभ्यास पूर्वीही झाले होते. त्यांची अडचण एकच होती. आपणहून लस घेणारी माणसं मुळातच तब्येतीला जपणारी असतात. ती बीपीच्या गोळ्या वेळेवर घेतात, फिरायला जातात, डॉक्टरांकडे नियमित जातात. अशांना स्मृतिभ्रंश कमी झाला तर श्रेय लशीचं की सवयींचं, हे कळायला मार्ग नव्हता.

ही गाठ ब्रिटनमधल्या वेल्समध्ये सुटली, आणि तीही सरकारी नियमामुळे. तिथे १ सप्टेंबर २०१३ पासून नागिणीची लस मोफत सुरू झाली. साठा मर्यादित होता आणि ऐंशीच्या पुढे त्या लशीचा उपयोगही कमी, म्हणून जन्मतारखेची रेघ आखली गेली. २ सप्टेंबर १९३३ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्यांना लस मिळणार होती. त्याआधी जन्मलेल्यांना ती कधीच मिळणार नव्हती. आठवडाभर आधी जन्मलेला आणि आठवडाभर नंतर जन्मलेला, या दोघांत शिक्षण, खाणंपिणं, शुगर, बीपी यांचा सरासरी फरक काय असणार? काहीच नाही. पण रेघेच्या अलीकडे लस घेणारे जवळजवळ शून्य, तर पलीकडे सुमारे ४७ टक्के. जणू कुणी नाणेफेक करून दोन गट पाडावेत तसं आपोआप झालं. अमेरिकेतल्या स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या पास्कल गेल्डसेट्झर यांच्या गटाने २ लाख ८० हजारांहून जास्त लोकांच्या नोंदी तपासल्या आणि एप्रिल २०२५ मध्ये ‘नेचर’ या विज्ञानपत्रिकेत निष्कर्ष छापले. लस घेतलेल्यांत पुढच्या सात वर्षांत स्मृतिभ्रंशाचं नवं निदान होण्याची शक्यता साडेतीन टक्के-बिंदूंनी कमी होती, म्हणजे साधारण पाचव्या हिश्श्याने. फायदा बायकांमध्ये जास्त दिसला. ऑस्ट्रेलियातही नोव्हेंबर २०१६ पासून सत्तरी ते एकोणऐंशी या वयाला लस मोफत झाली होती. तिथल्या नोंदींतही असाच कल निघाला.

आता मेसेजमध्ये नसलेली गोष्ट. या दोन्ही अभ्यासांतली लस झोस्टाव्हॅक्स ही जुनी, जिवंत पण अशक्त केलेल्या विषाणूची लस होती. तुम्हाला आज इथे मिळेल ती शिंग्रिक्स, आणि तिची घडण पूर्ण वेगळी आहे. तिच्याबद्दल ऑक्सफर्डच्या गटाने २०२४ मध्ये ‘नेचर मेडिसिन’मध्ये अमेरिकी नोंदींवरून मांडलं, की जुन्या लशीच्या तुलनेत ही लस घेणाऱ्यांना पुढच्या सहा वर्षांत स्मृतिभ्रंशाच्या निदानाशिवाय गेलेला काळ १७ टक्के जास्त मिळाला. ज्यांना पुढे निदान झालंच, त्यांच्या बाबतीत याचा अर्थ सुमारे १६४ दिवसांची जास्तीची सवड. आशा वाढवणारा आकडा आहे, पण या अभ्यासाला वेल्ससारखी जन्मतारखेची रेघ नाही.

हे कशामुळे घडतं, यावर दोन तर्क आहेत. एक असा, की कांजिण्यांचा विषाणू (नागीणही त्याच्यामुळेच होते) मज्जातंतूंत दबा धरून असतो, अधूनमधून डोकं वर काढतो आणि त्याने रक्तवाहिन्यांना व मेंदूला सूज येते. हे उठणंच थांबलं तर मेंदूची झीज कमी. ऑक्सफर्ड आणि अमेरिकेतल्या टफ्ट्स विद्यापीठाच्या संशोधकांनी २०२२ मध्ये प्रयोगशाळेत वाढवलेल्या मेंदूपेशींवर दाखवलं, की हा विषाणू शेजारी झोपलेल्या, ओठांवर फोड आणणाऱ्या हर्पिसच्या विषाणूला जागं करतो आणि मग अल्झायमरमध्ये दिसतात तशी प्रथिनं साचू लागतात. दुसरा तर्क असा, की लस एकूण प्रतिकारशक्तीलाच वळण लावते, नागिणीचा त्यात संबंध नाही. नव्या लशीतला प्रतिकार चेतवणारा घटक आणखी एका लशीतही आहे आणि तिथेही असाच कल दिसल्यामुळे हा दुसरा तर्क सोडून देता येत नाही.

आमचं मत विचाराल तर लस घ्या, पण नागिणीसाठी घ्या. तुमच्या वयाला नागीण हाच पुरेसा मोठा धोका आहे. मेंदूला फायदा झाला तर तो वरकड. आणि लस घेतली म्हणून बीपी, शुगर, ऐकू कमी येणं, कोलेस्टेरॉल यांकडे काणाडोळा करू नका. स्मृतिभ्रंश लांबवायला त्यांच्याकडे लक्ष देणं आजही जास्त खात्रीचं आहे. कानाचं यंत्र कपाटात पडून आणि लशीसाठी धावपळ, हा उलटा हिशेब झाला.

प्रश्न : मला लहानपणी कांजिण्या आल्याचं आठवत नाही आणि विचारायला आई आता नाही. वय ५८. मग नागीण होऊच शकत नाही ना? (वाचक, रत्नागिरी)

उत्तर : आठवण नसणं आणि कांजिण्या न आलेल्या असणं यांत फरक आहे. पाच-सहा फोडांवर निभावलेल्या कांजिण्या घरच्यांच्याही लक्षात राहत नाहीत. विषाणू मात्र पाठीच्या कण्यालगतच्या मज्जापेशींच्या गाठींत जन्मभर मुक्काम करतो. वय, आजार किंवा औषधांमुळे पहारा सैल पडला की त्याच मज्जातंतूच्या वाटेने कातडीपर्यंत येतो. तीच नागीण.

अमेरिकेत १९८० पूर्वी तिथे जन्मलेल्यांना कांजिण्या होऊन गेल्या असं धरूनच लस देतात, रक्त तपासत नाहीत. आपल्याकडे एक बारीक फरक आहे. उष्ण आणि दमट हवेच्या प्रदेशांत कांजिण्या बऱ्याचदा मोठेपणी येतात, त्यामुळे तिशी-चाळिशीपर्यंत सुटलेली माणसंही सापडतात. तुमच्या वयाला ती शक्यता कमीच. तरी खात्री करायचीच असेल तर ‘व्हेरिसेला आयजीजी’ ही रक्ततपासणी करता येते. ती पॉझिटिव्ह आली की नागिणीची लस घ्यायला मोकळे. निगेटिव्ह आली तर आधी कांजिण्यांची लस लागते, चार आठवड्यांच्या अंतराने दोन डोस. ती जिवंत विषाणूची असल्याने प्रतिकारशक्ती दाबणारी औषधं चालू असतील तर चालत नाही.

याच्या उलट चूकही होते. ‘विषाणू एकच, मग स्वस्तातली कांजिण्यांची लस घेऊ’ असं काही जण करतात. ज्यांना कांजिण्या होऊन गेल्या त्यांना तिचा नागिणीविरुद्ध भरवसा नाही. जुनी नागिणीची लस विषाणूच्या त्याच, ‘ओका’ नावाच्या वाणाची होती, पण तिच्यात विषाणूचं प्रमाण कांजिण्यांच्या लशीच्या निदान चौदा पट होतं.

प्रश्न : सासूबाईंच्या कमरेवर एका बाजूला नागीण उठली आहे. आज दुसरा दिवस. गावाकडून निरोप आलाय की गेरू लावा, उतरवून घ्या, आणि तोंड-शेपूट एक होऊ देऊ नका. घरात धाकट्या जावेला सहावा महिना आहे आणि माझं बाळ तीन महिन्यांचं. (वाचक, बार्शी)

उत्तर : हे उत्तर छापून येईपर्यंत त्यांचा दुसरा दिवस उलटून गेला असेल, पण इतरांच्या उपयोगी पडेल.

पुरळ दिसल्यापासून ७२ तासांच्या आत गोळ्या सुरू व्हाव्यात. असायक्लोव्हिर ८०० मिलिग्रॅम दिवसातून पाच वेळा किंवा व्हॅलासायक्लोव्हिर १००० मिलिग्रॅम दिवसातून तीन वेळा, सात दिवस, हा मोठ्या माणसाचा नेहमीचा डोस. मूत्रपिंडाचं काम मंद असेल तर तो कमी करावा लागतो, म्हणून गोळ्या डॉक्टरांकडूनच घ्या आणि आधीचा क्रिएटिनीनचा रिपोर्ट असेल तर सोबत न्या. नवे फोड अजून येत असतील तर ७२ तास उलटले तरी गोळ्या देतात. मेडिकलवाला असायक्लोव्हिरचं मलम पुढे करतो. नागिणीवर त्याचा काही उपयोग नाही. स्टेरॉइडचं मलम तर लावूच नका.

तोंड-शेपटाचं भय सोडून द्या. विषाणू कण्याच्या एका बाजूच्या एका मज्जातंतूतून येतो आणि तो मज्जातंतू पोटाच्या मध्यरेषेपाशी संपतो. म्हणून पट्टा अर्धाच राहतो, मंत्र घाला न घाला. फोडही दोन ते चार आठवड्यांत आपोआप वाळतात आणि श्रेय उतरवणाऱ्याच्या पदरात पडतं. गेरूचा तोटा असा, की ओल्या फोडांवर तो थापला की जंतुसंसर्ग होतो, खालचं पुरळ डॉक्टरांना दिसत नाही आणि मोलाचे ७२ तास हातचे जातात. स्वच्छ पाण्यात भिजवून पिळलेला कपडा दिवसातून तीन-चार वेळा ठेवा, नंतर कोरडं करून सैल सुती कापडाने झाका. दुखण्याकडे दुर्लक्ष नको. साठीपुढच्या शंभर रुग्णांतल्या दहा ते अठरा जणांना फोड गेल्यावरही महिनोन् महिने आग आणि कळा राहतात, इतक्या की साडीचा काठ घासलेला सोसवत नाही. नव्वद दिवसांपुढे दुखत राहिलं तर त्यासाठी गॅबापेंटिन, प्रीगॅबालिन, अमिट्रिप्टिलिन अशी वेगळी औषधं असतात. साध्या पेनकिलरने ते भागत नाही.

नागिणीपासून दुसऱ्याला नागीण लागत नाही. पण फोडांतल्या पाण्यातून कांजिण्या लागू शकतात, ज्यांना त्या कधी झाल्या नाहीत आणि लसही झालेली नाही अशांना. जाऊबाईंना कांजिण्या होऊन गेल्या असतील तर निश्चिंत राहा. नसतील किंवा माहीत नसेल तर आजच त्यांच्या डॉक्टरांना फोन करा. रक्त तपासून गरज वाटल्यास तयार प्रतिपिंडांचं इंजेक्शन देतात, आणि ते संपर्कानंतर दहा दिवसांच्या आत द्यायचं असतं. बाळाला तुमच्याकडून आलेलं काही संरक्षण असेल, तरी सगळ्या फोडांवर खपली धरेपर्यंत सासूबाईंनी त्याला मांडीवर घेऊ नये. त्यांचा टॉवेल आणि चादर वेगळी ठेवा.

दोन ठिकाणची नागीण घरी थांबवायची नाही. कपाळावर किंवा डोळ्याजवळ असेल, विशेषतः नाकाच्या शेंड्यावर एखादाही फोड असेल, तर त्याच दिवशी डोळ्यांचे डॉक्टर गाठा, कारण बुबुळाला इजा होऊ शकते. कानाजवळ असेल आणि चेहरा एका बाजूला वाकडा वाटत असेल किंवा चक्कर येत असेल, तर कान-नाक-घसा तज्ज्ञांकडे जा.

प्रश्न : लशीचे डोस किती, खर्च किती, त्रास काय होतो? पहिला डोस घेऊन नऊ महिने झाले, दुसरा राहून गेला. पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करायची का? (वाचक, ठाणे)

उत्तर : सुरुवातीपासून करायची नाही. राहिलेला डोस जमेल तितक्या लवकर घ्या, झालं.

नेहमीचं वेळापत्रक दोन डोसचं, मधलं अंतर दोन ते सहा महिने. इंजेक्शन दंडाच्या स्नायूत, अर्धा मिलिलिटर. चार आठवड्यांच्या आत चुकून दुसरा दिला गेला तर तो धरत नाहीत. भारतात शिंग्रिक्स २०२३ मध्ये आली. सरकारी लसीकरणात ती नाही. एका डोसला साधारण दहा हजारांच्या आसपास किंवा थोडे जास्त मोजावे लागतात, म्हणजे जोडप्याचे चाळीस हजारांवर. पेन्शनवर जगणाऱ्यांना ही रक्कम जड आहे आणि ते उघड बोलायला हवं. दोघांचं एकदम जमत नसेल तर ज्याला मधुमेह आहे, ज्याची प्रतिकारशक्ती औषधांनी दबली आहे किंवा ज्याचं वय जास्त आहे, त्याचं आधी करा. एकेक डोस दोघांत वाटून घेऊ नका. अर्धवट लसीकरणाचं संरक्षण कमी असतं.

संरक्षण मात्र पैशाला जागणारं आहे. चाचण्यांत पन्नाशीपुढे सुमारे ९७ टक्के आणि सत्तरीपुढे सुमारे ९० टक्के नागीण टळली. जुन्या लशीचा आकडा साठीपुढे ५१ टक्के होता. अकराव्या वर्षीही ८० टक्क्यांच्या आसपास संरक्षण टिकलेलं आढळलं आहे.

त्रास होतो, ते लपवण्यात अर्थ नाही. दंड दुखणं बहुतेकांना, थकवा आणि अंगदुखी जवळजवळ निम्म्यांना, ताप पाचांतल्या एकाला. सहांतल्या एकाला तर एखादा दिवस रोजची कामं सुचत नाहीत. दोन-तीन दिवसांत सगळं ओसरतं आणि पॅरासिटामॉल चालतं. लग्नाच्या आदल्या दिवशी किंवा प्रवासाला निघताना घेऊ नका. पहिल्या डोसला ताप आला म्हणून दुसरा टाळणारे बरेच असतात. ते चूक आहे. ६५ वर्षांपुढे दहा लाख डोसमागे सुमारे तीन जादा गियाँ-बारे सिंड्रोमच्या (मज्जातंतूंना इजा होऊन अशक्तता आणणाऱ्या आजाराच्या) केसेस आढळल्यामुळे अमेरिकेच्या औषध नियामकाने २०२१ मध्ये इशारा जोडला. प्रमाण अत्यल्प आहे, पण पायांपासून वर चढत जाणारी अशक्तता आली तर थेट हॉस्पिटल गाठायचं.

दवाखान्यात स्वतः पाहण्यासारखं एक. खोक्यात दोन बाटल्या असतात, एकीत पावडर आणि दुसरीत द्रव. द्रव पावडरमध्ये मिसळून मग टोचायचा असतो. घाईत नुसता द्रव टोचला जाण्याची चूक जगभर नोंदली गेली आहे. त्यात विषाणूचं प्रथिन नसतंच, म्हणजे तो डोस वाया. मिसळताना समोर बसा. दुकानातून लस स्वतः नेत असाल तर थंड पेटीत न्या, पण बर्फाला चिकटू देऊ नका. ती २ ते ८ अंशांतच राहायला हवी आणि गोठलेली लस फेकून द्यायची असते. दोन्ही डोसची तारीख आणि बॅच क्रमांक फाइलमध्ये लिहून घ्या.

प्रश्न : वय ४४, संधिवातासाठी मेथोट्रेक्सेट चालू आहे. डॉक्टर आता टोफासिटिनिब सुरू करू म्हणतात. पन्नाशीआधी लस मिळते का? (वाचक, नागपूर)

उत्तर : टोफासिटिनिबच्या गटातल्या औषधांनी नागिणीचा धोका ठळकपणे वाढतो, म्हणून तुमचा प्रश्न अगदी वेळेवर आला. प्रतिकारशक्ती कमी असलेल्यांना किंवा कमी होणार असलेल्यांना १८ वर्षांपासून ही लस देतात, आणि तिच्यात जिवंत विषाणू नसल्यामुळे तुमच्या औषधांसोबत ती चालते. शक्य असेल तर नवं औषध सुरू होण्याआधी घ्या. अशा वेळी दोन डोसमधलं अंतर एक ते दोन महिन्यांवर आणतात. संधिवाताच्या डॉक्टरांशी तारखा ठरवूनच घ्या, कारण डोसनंतर काहींचे सांधे थोडे दिवस उसळतात.

प्रश्न : मागच्या वर्षी नागीण होऊन गेली. आता लशीची गरज उरली का? (वाचक, मडगाव)

उत्तर : उरली. नागीण पुन्हा होऊ शकते. फोड पूर्ण वाळल्यावर लस घेता येते. अमेरिकी मार्गदर्शनात अमुक महिने थांबा असं बंधन नाही, कॅनडात निदान एक वर्ष थांबायला सांगतात. तुमचं वर्ष झालंच आहे.

प्रश्न : नातवंडांना कांजिण्यांची लस दिली तर आम्हा आजी-आजोबांना नागीण जास्त होते, असं वाचलं. मग द्यावी की नाही? (वाचक, पुणे)

उत्तर : द्यावी. या शंकेचं मूळ जुनं आहे. इंग्लंडमधल्या सायरनसेस्टरचे गावडॉक्टर एडगर होप-सिम्पसन यांनी १९६५ मध्ये मांडलं होतं, की कांजिण्यांच्या मुलांशी संपर्क आल्याने मोठ्यांचा प्रतिकार ताजातवाना राहतो. कांजिण्यांची लस जपानच्या मिचिआकी ताकाहाशी यांनी १९७४ मध्येच बनवली आणि अमेरिकेत ती १९९५ पासून सर्रास दिली जाते. ब्रिटनने मात्र याच भीतीपोटी ती बरीच वर्षं सर्व मुलांना दिली नाही. तिथे ती नियमित लसीकरणात आली जानेवारी २०२६ मध्ये. अमेरिकेत मोठ्यांची नागीण वाढली खरी, पण ती वाढ मुलांची लस येण्याआधीच सुरू झाली होती. मुलांचा फायदा दुहेरी आहे. कांजिण्या टळतात, आणि लस घेतलेल्या मुलांना नागीण होण्याचं प्रमाणही न घेतलेल्यांपेक्षा ७८ टक्के कमी आढळलं आहे. भारतीय बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेच्या वेळापत्रकात हिचे दोन डोस आहेत, पहिला पंधराव्या महिन्यात. सरकारी यादीत ती नाही, त्यामुळे विकत घ्यावी लागते. आणि आजी-आजोबांसाठी त्यांची स्वतःची लस आहेच की, त्यासाठी नातवाने आजारी पडायला नको.

प्रश्न : वडील ७८ वर्षांचे, दोन वर्षांपूर्वी अल्झायमरचं निदान झालं. आता लस देऊन काय उपयोग? (वाचक, कोल्हापूर)

उत्तर : गेलेली स्मृती परत येणार नाही, ती अपेक्षा ठेवू नका. वेल्सच्याच नोंदींवरून डिसेंबर २०२५ मध्ये ‘सेल’ या विज्ञानपत्रिकेत आलेल्या अभ्यासात, आधीच स्मृतिभ्रंश असलेल्या पण लस मिळालेल्या लोकांत त्या आजाराने होणारे मृत्यू कमी दिसले. पण तीही जुनीच लस होती आणि एवढ्यावर उपचार म्हणून ती द्या असं आम्ही सांगणार नाही.

नागिणीसाठी मात्र जरूर द्या. अशा रुग्णाला नागीण झाली तर तो ‘इथे आग होतेय’ असं सांगू शकत नाही. तो नुसता चिडचिडा होतो, जेवत नाही, अंगावरचे कपडे ओढतो. घरचे आजार वाढला असं समजतात आणि ७२ तास निघून जातात. फोडांच्या आधी दोन-तीन दिवस नुसती कळ येते, तेव्हा तर छातीचा ईसीजी किंवा मुतखड्याची सोनोग्राफी होऊन बसते. म्हणून आंघोळ घालताना पाठ, बरगड्या आणि कंबर रोज उजेडात पाहायची. एकाच बाजूला लालसर पट्टा किंवा पुंजक्याने बारीक फोड दिसले तर त्याच दिवशी दाखवायचं. लशीच्या दिवशी आणि नंतर दोन दिवस घरचं माणूस जवळ ठेवा. तापाने गोंधळ वाढतो, रात्री उठताना तोल जातो. पॅरासिटामॉल आणि भरपूर पाणी हाताशी असू द्या.